बैठक आणि पायरी : नगर जिल्ह्यातील वास्तू, घरसामान आणि मराठी वाङ्मय

नेवासे येथील ज्या दगडी खांबाला मराठी माणूस ‘पैस’ या नावाने ओळखतो, तो मूळचा एका जुन्या शिवालयाचा. करवीरेश्वराच्या त्या देवळाचा बाकीचा भाग काळाच्या ओघात नाहीसा झाला, खांब तेवढा उरला. त्यावर कोरलेल्या लेखात देवापुढील दिव्याच्या तेलासाठी दिलेल्या दानाची नोंद आहे. शके १२१२ मध्ये, म्हणजे इ. स. १२९० मध्ये, ज्ञानदेवांनी याच खांबाला टेकून गीतेचे निरूपण केले अशी परंपरेची श्रद्धा असून, दुर्गा भागवत यांच्या ‘पैस’ (१९७०) या लेखसंग्रहाला नाव मिळाले तेही या खांबावरूनच. खांबाविषयी आजवर जे लिहिले गेले ते बहुतेक भक्तीच्या किंवा सौंदर्यदृष्टीच्या अंगाने. त्याकडे एक वस्तू म्हणून क्वचितच पाहिले गेले आहे. छत पेलण्यासाठी घडवलेला वास्तूचा एक अवयव छत गेल्यावर एका माणसाच्या पाठीचा आधार झाला. वास्तुशिल्पाचे घरसामानात रूपांतर झाले. आणि ज्याच्या पाठीला तो आधार मिळाला तो ‘संन्याशाचा पोर’ म्हणून पंक्तीतून उठवलेला होता. ज्याला समाजाच्या बैठकीत जागा नाही, त्याने ओस पडलेल्या देवळाच्या खांबाशी स्वतःची बैठक मांडली, असा या कथेचा सामाजिक अर्थ लावता येतो.

त्याच निरूपणाच्या सहाव्या अध्यायात आसनाचे वर्णन येते, ही गोष्टही येथे लक्षात घेण्याजोगी आहे. योग्याचे आसन फार उंच नसावे आणि फार सखलही नसावे, असे गीता सांगते. ज्ञानदेव त्याचे कारण देतात : ते उंच झाले तर अंग डोलेल, खाली झाले तर भूमीचा दोष लागेल. येथे उंचीचा विचार पूर्णतः देहाच्या स्थैर्याशी निगडित आहे. गावगाड्यात मात्र आसनाची उंची बसणाऱ्याच्या देहावरून ठरत नसे. ती त्याच्या जन्मावरून ठरत असे. वास्तू आणि घरसामान यांचा समाजाशी असलेला संबंध तपासायचा तर या दोन उंचींमधील अंतर पाहावे लागते. नगर जिल्हा (पूर्वीचा अहमदनगर, २०२४ पासून अधिकृतपणे अहिल्यानगर) या दृष्टीने विशेष सोयीचा आहे. मराठीतील काही अत्यंत महत्त्वाचे गद्यपद्य ग्रंथ याच भूमीशी निगडित आहेत, आणि ते परस्परांहून अगदी भिन्न अशा घरांतून आले आहेत.

प्रथम घराचा विचार. जिल्ह्याच्या पश्चिमेला अकोले तालुक्यात सह्याद्रीचा मुसळधार पाऊस, तर कर्जत-जामखेडकडे अवर्षण. त्यामुळे अकोल्याच्या डोंगराळ भागात कुडाच्या भिंती आणि उतरती छपरे, तर पठारावर जाड मातीच्या भिंतींची धाब्याची, माळवदाची घरे, अशी विभागणी दीर्घकाळ टिकून होती. धाब्याच्या घरात लाकडाचा वापर मुख्यतः खांब, तुळया आणि चौकटी यांपुरता. छताच्या तुळयांवर फळ्या किंवा फांद्या, त्यावर पाला आणि त्यावर मातीचा थर. अशा घराच्या भिंती दीड-दोन हात जाड असत आणि घरसामानाचा मोठा भाग या भिंतीतच सामावलेला असे. कोनाडा, देवळी, फडताळ, खुंटी ही सारी भिंतीची अंगे. दिवा कोनाड्यात, देव देवळीत, पागोटे खुंटीवर, दूधदुभते आढ्याच्या शिंक्यात. धान्य बळदात किंवा पेवात, म्हणजे पुन्हा भिंतीत किंवा जमिनीतच. अशा घरातील माणसाला ‘तुमच्या घरात काय काय सामान आहे?’ असे विचारले असते तर त्याने भांडीकुंडी, जाते, बाज एवढेच सांगितले असते. कारण कपाट त्याच्या दृष्टीने वस्तू नव्हतीच, ते घर होते. विटा-सिमेंटच्या पातळ भिंती आल्या तेव्हा भिंतीच्या पोटातील या जागा गेल्या आणि कपाट ही बाजारातून आणावयाची वस्तू झाली. लग्नात मुलीकडून मागावयाच्या वस्तूंमध्ये पलंग-कपाटाचा जो शिरकाव झाला त्यामागे हौस आणि हाव जितकी आहे तितकेच भिंतीचे हे पातळ होणेही आहे, हे सहसा ध्यानात घेतले जात नाही.

१८८४ साली प्रसिद्ध झालेल्या नगर जिल्ह्याच्या सरकारी गॅझेटियरमध्ये लोकसंख्येचे वर्णन जातवार केलेले असून घर कसे, भांडी कोणती, सामान काय, याच्या नोंदीही त्या वर्णनातच येतात. घर आणि जात या दोहोंना एकाच रकान्यात बसवण्याची ही पद्धत परकीय अधिकाऱ्यांची म्हणून नाकारता येईल. पण त्या रकान्यासाठी लागणारी सामग्री गावात आयती तयार होती, हेही खरे.

सामान्य कुणब्याच्या घरात लाकडी सामान थोडे असे. त्याचे श्रेय ग्रामीण साधेपणाला देण्याची आपल्या ललित लेखनात प्रथाच पडली आहे. वस्तुस्थिती अधिक रुक्ष आहे. बलुतेदारीत सुताराचे काम म्हणजे नांगर, कुळव, पाभर ही औते भरणे व दुरुस्त करणे. त्याबद्दल त्याला खळ्यावर धान्य मिळे. घर उभारणे, दारे-खिडक्या करणे, पलंग किंवा चौरंग घडवणे ही कामे बलुत्यात धरली जात नसत. त्यांची मजुरी निराळी द्यावी लागे. शेती चालण्यासाठी जे लाकूडकाम आवश्यक तेवढेच गावाच्या वार्षिक देण्याघेण्यात बसत होते. बाकीचे ज्याच्या हाती रोकड किंवा शिल्लक धान्य असेल त्याचे. म्हणून नक्षीचे खांब, महिरपी आणि झोपाळे आढळत ते पाटील, देशमुख, सावकार आणि सरदार यांच्या वाड्यांत. श्रीगोंद्याचे शिंद्यांचे वाडे ज्या लाकूडकामावर उभे राहिले ते गावच्या बलुत्यातून निघणे शक्यच नव्हते.

बाजेचे उदाहरण याहून बोलके आहे. तिचे गाते आणि ठावे सुताराने करायचे, तिला लागणारी दोरी मांगाने वळायची. दोर वळणे हे मांग समाजाचे परंपरागत काम. ही दोरी सवर्णाच्या घरात निर्वेध जाई, तिच्यावर पाटील झोपे, बाळंतीण झोपे. ती वळणारे हात मात्र उंबरठ्याच्या आत येऊ शकत नसत. बुरुडाच्या सुपाची आणि ढोर-चांभारांनी कमावलेल्या कातड्याच्या मोटेचीही हीच कथा. विटाळाचे शास्त्र वस्तूला पाझर देणारे आणि माणसाला अडवणारे होते. घरातील प्रत्येक वस्तू कोणी केली आणि तो घरात कुठपर्यंत येऊ शकत होता, अशी दुहेरी यादी केली तर जुन्या मराठी घराचा जो नकाशा हाती येईल तो वास्तुविशारदाच्या नकाशाहून अधिक खरा असेल.

हा नकाशा पायरीपायरीचा होता. आधी अंगण, मग जोते, जोत्यावर ओटा किंवा ओसरी, त्यापुढे पडवी, माजघर, स्वयंपाकघर, देवघर. वाडा असेल तर दिंडी, देवडी, ढाळज आणि चौक. कोणी कोठे थांबायचे हे ठरलेले असे : महार अंगणाबाहेर, बलुतेदार ओट्याखाली किंवा ओट्याच्या कडेला, जातभाई ओसरीवर, सोयरा माजघराच्या दाराशी. घरातील स्त्रीला हा नकाशा उलट दिशेने लागू पडे. तिची वाट स्वयंपाकघराकडून ओसरीकडे जाताना माजघरापाशीच अडे. फ्रेंच समाजशास्त्रज्ञ पिएर बुर्द्यू यांनी अल्जीरियातील कबाइल जमातीच्या घराचा अभ्यास करताना उजेडाचा उंच भाग आणि जनावरांचा अंधारा सखल भाग या विभागणीत स्त्री-पुरुषांविषयीची सारी समजूत कशी गोठलेली आहे, हे दाखवले होते. मराठी घराला हे विश्लेषण लावताना एक भर घालावी लागते. येथे विभागणी दोन भागांची नसून जिन्याची आहे, आणि जिन्याचा पहिला टप्पा घराच्या बाहेर, वेशीपलीकडे सुरू होतो.

मराठी भाषेने हा जिना फार निष्ठेने जपला आहे. ‘पायरी ओळखून वागणे’, ‘पायरी सोडणे’, ‘जागा दाखवणे’, ‘उंबरठे झिजवणे’ हे वाक्प्रचार घराच्या रचनेतून थेट समाजव्यवहारात उतरले. ओसरी दिली की भट हातपाय पसरतो, ही म्हण सांगणारा माणूस ओसरीचा मालक आहे, हे ती उच्चारताच कळते. भाषेतील थरही वस्तूंच्या थरांबरोबर बदललेले दिसतात. पाट, चौरंग, माचा हे जुने. खुर्ची अरबी-फारसीतून आलेली. टेबल इंग्रजी अमदानीतले. यांत ‘तक्क्या’ या शब्दाचा प्रवास सर्वांत विलक्षण आहे. फारसीत ‘तकिया’ म्हणजे टेकण्याचा आधार, उशी. त्यावरून फकिराच्या विसाव्याची जागा. मराठीत तो सावकाराच्या बैठकीवरचा तक्क्या झाला, लोडाचा जोडीदार. आणि अनेक गावांत महारवाड्यातील लोकांची एकत्र बसण्याची जी सार्वजनिक जागा असे तिलाही ‘तक्क्या’च म्हणत. एकच शब्द वाड्यात मऊ कापसाचा आणि महारवाड्यात चार खांबांवरच्या छपराचा. दोन्ही ठिकाणी अर्थ मात्र पाठ टेकण्याची जागा हाच.

येथे एक गैरसमज दूर करणे आवश्यक आहे. भारतीय माणूस जमिनीवर बसत असल्याने आपल्या बैठकीत उच्चनीचता नव्हती, ती खुर्चीबरोबर इंग्रजांनी आणली, असे मत मधूनमधून मांडले जाते. भुईवर बसणाऱ्या समाजाला उंचीची भाषा कमी लागते हे खरे. पण तो अंतराची आणि अंथरुणाची भाषा तितक्याच काटेकोरपणे बोलतो. गादी, जाजम, सतरंजी, घोंगडी, तरट आणि नुसती भुई अशी उतरंड होती. चावडीवर पाटील-कुलकर्णी घोंगडीवर किंवा जाजमावर, रयत जमिनीवर, आणि महार खाली उभा. साताऱ्याच्या शाळेत बालवयातील बाबासाहेब आंबेडकरांना वर्गात वेगळे बसण्यासाठी घरून तरट न्यावे लागे, ही त्यांनीच लिहून ठेवलेली आठवण सर्वश्रुत आहे. तो गोणपाटाचा तुकडा हे त्या वर्गातील सर्वांत बोलके सामान होते. अन्य मुले ज्या जागेवर बसत ती शाळेची होती. हे तरट मात्र रोज घरून येई आणि रोज घरी परत जाई.

नगरमध्ये अमेरिकन मराठी मिशनचे काम १८३१ पासून सुरू झाले. सिंथिया फॅरार यांनी येथे मुलींचे शिक्षण दीर्घकाळ चालवले आणि सावित्रीबाई फुले यांच्या अध्यापनप्रशिक्षणाचा संबंधही त्यांच्या येथील शाळेशी जोडला जातो. मिशनच्या शाळा आणि प्रार्थनामंदिरे यांतून बाक ही वस्तू नगरच्या समाजात शिरली. बाकाचे वैशिष्ट्य असे की त्यावर बसणाऱ्यांची उंची एकच राहते आणि अंग अंगाला लागते. तरट प्रत्येकाचे वेगळे करता येते. एकाच फळीचे तसे करता येत नाही. मात्र बाक हा स्वभावतःच समतावादी आहे असे मानण्याचे कारण नाही. ज्या न्यू इंग्लंडमधून हे मिशनरी आले तेथील प्रार्थनागृहांत बाक विकत किंवा भाड्याने दिले जात, कुटुंबाच्या प्रतिष्ठेनुसार जागा नेमून दिल्या जात आणि कृष्णवर्णीयांना अनेक ठिकाणी वरच्या सज्ज्यात बसवले जाई. तीच फळी नगरला वेगळे काम करू लागली, कारण येथे प्रश्न जागेच्या भाड्याचा नव्हता, स्पर्शाचा होता. मिशनने सुतारकामासारखे उद्योग शाळेत शिकवण्यास आरंभ केला, त्याचा परिणामही याच जातीचा होता. जे कसब जन्माने मिळे ते हजेरीपटावर नाव घालून मिळू लागले.

या स्थित्यंतराचे मराठीतील सर्वांत विश्वसनीय दर्शन लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’मध्ये घडते. १९३४ पासून भागाभागाने प्रसिद्ध झालेल्या या आत्मचरित्रात वास्तुवर्णनाची हौस मुळीच नाही. तरीही घराच्या आतील सीमा कशा असतात हे त्यात जितके कळते तितके क्वचितच कोठे कळत असेल. जलालपूरच्या माहेरी वडिलांचे सोवळे इतके कडक की बाहेरून आलेली वस्तू धुतल्यावाचून घरात येत नसे. १८९५ मध्ये नारायण वामन टिळकांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारल्यावर काही वर्षांच्या ताटातुटीनंतर लक्ष्मीबाई पतीकडे आल्या, तेव्हा एकाच संसारात दोन स्वयंपाक आणि दोन पाण्याची भांडी नांदू लागली. भिंत नव्हती; होती ती मडक्याची सीमा. पुढे राहुरीच्या वास्तव्यात जातिभेद माणसानेच केला आहे, देवाने नाही, अशी त्यांची मनोमन खात्री पटली आणि १९०० साली त्यांनी बाप्तिस्मा घेतला. हे परिवर्तन सांगताना त्या तत्त्वचर्चा करीत नाहीत. कोणाच्या हातचे पाणी घेतले, कोणाकडे जेवल्या, हेच सांगतात. धर्मांतराची कथा येथे चूल, पाणी आणि पंक्ती यांच्या कथेतून उलगडते. समीक्षेने ‘स्मृतिचित्रे’मधील विनोदाचा आणि निरागसतेचा पुष्कळ गौरव केला, त्या विनोदाला धार येते ती घरातल्या अशा क्षुल्लक वस्तूंमुळे, याकडे तुलनेने कमी लक्ष गेले.

टिळकांनी ख्रिस्ती कीर्तनाचा पुरस्कार केला, त्याचाही येथे उल्लेख करावयास हवा. कीर्तनाला व्यासपीठाची उंची लागत नाही. कीर्तनकार उभा, श्रोते जाजमावर, मध्ये रिकामी जागा. मिशनचा बाक आणि वारकऱ्यांचे वाळवंट यांपैकी टिळकांच्या प्रतिभेने कोणती बैठक निवडली हे त्यावरून दिसते. ही निवड केवळ स्वदेशीच्या अभिमानाची होती असे मानू नये. अभंग बाकावर बसून म्हणता येतो, पण त्याचा ठेका मांडीवर आणि टाळीवर जगतो.

शिर्डीच्या संदर्भात गोविंद रघुनाथ दाभोलकर यांचे ‘श्री साईसच्चरित’ हे ओवीबद्ध चरित्र साहित्याच्या अभ्यासकांनी सहसा बाजूला ठेवलेले आहे. घरसामानाच्या इतिहासाला मात्र त्यातील दहाव्या अध्यायातील फळीची कथा दुर्लक्षिता येण्याजोगी नाही. चार हात लांब आणि वीतभर रुंद अशी एक फळी साईबाबांना निजण्यासाठी मिळाली. ती जमिनीवर न ठेवता त्यांनी मशिदीच्या आढ्याला जुन्या चिंध्यांनी टांगली आणि तिच्यावर ते निजू लागले. चिंध्या वजन कशा पेलतात हे पाहायला गर्दी होऊ लागली, तेव्हा त्यांनी फळी मोडून टाकली. चमत्कार बाजूला ठेवला तरी कथेचा गाभा उरतो. वस्तू बघ्यांना आकर्षित करू लागली, तिचे प्रस्थ माजू लागले, आणि ती वापरणाऱ्याने ती नाहीशी केली. पडक्या मशिदीत राहणारा फकीर, एक दिवसाआड रात्री चावडीत जाणारा, दगडावर पायावर पाय टाकून बसणारा; त्याची निवासव्यवस्था कोणत्याही एका धर्माच्या किंवा जातीच्या घराच्या नकाशात बसत नव्हती, आणि त्यामुळेच तेथे सर्वांना प्रवेश होता. १९१८ मध्ये साईबाबांचे देहावसान झाल्यावर गोपाळराव बुट्टी यांच्या नव्या वाड्यात त्यांची समाधी झाली आणि खाजगी वाडा मंदिर बनला. १९५४ मध्ये तेथे बाळाजी वसंत तालीम यांनी घडवलेली संगमरवरी मूर्ती बसवण्यात आली. मूर्तीची बैठक शिळेवरच्या त्या बैठकीचीच आहे. तिच्याखाली मात्र आता सिंहासन आहे. ज्याने फळीदेखील ठेवली नाही त्याच्याभोवती पुढे एवढे सामान जमले, ही विसंगती भक्तांना जाणवत नाही असे नव्हे. पण समाजाला आदर दाखवण्यासाठी आसन उंच करणे याखेरीज दुसरी भाषा सहजी सुचत नाही.

दया पवार यांचे ‘बलुतं’ (१९७८) या सर्वांपेक्षा वेगळ्या दारातून आत नेते. पवारांचा जन्म अकोले तालुक्यातील धामणगावचा. पुस्तकाचे शीर्षकच गावगाड्यातील देण्याघेण्याचे. ज्या व्यवहारात सुताराला औताबद्दल धान्य मिळे त्याच व्यवहारात महाराला काय आणि कसे मिळे, याची ही कैफियत. तिचे दोन पाय दोन वास्तूंत आहेत : गावचा महारवाडा आणि मुंबईचा कावाखाना. पवारांनी कावाखान्यातील बिऱ्हाडांचे जे चित्र काढले आहे त्यात एका दालनात दोन-तीन पोटभाडेकरू राहतात आणि त्यांच्यामध्ये आडोसा असतो तो लाकडी खोक्यांचा. ती खोकी हीच भिंत आणि तीच कपाटे; संसार त्यांतच भरलेला. धाब्याच्या घरात भिंतीने कपाटाला पोटात घेतले होते. येथे कपाटालाच भिंत व्हावे लागले. दोन्हींत वस्तू आणि वास्तू एक झाल्या आहेत, पण एकीकडे दोन हात जाडीची माती आहे आणि दुसरीकडे माल उतरवून रिकामी झालेली फळकुटे. अशा आडोशापलीकडचे बोलणे, भांडण, आजारपण सारे ऐकू येणार. ‘बलुतं’मधील निवेदनाला जो उघडेपणा आहे, ज्याने प्रसिद्धीच्या वेळी स्वकीय आणि परकीय दोघेही अस्वस्थ झाले, त्याचा एक उगम या भिंती नसलेल्या घरात शोधता येईल. खाजगीपणा हा मनाचा गुण होण्यापूर्वी खोलीचा गुण असावा लागतो. मध्यमवर्गीय मराठी आत्मचरित्र माजघराचे दार लोटून घेऊन लिहिले गेले. पवारांना लोटून घेण्यासाठी दारच नव्हते.

गावठाणाची जुनी रचना मोडण्यास कोणत्या गोष्टी कारणीभूत झाल्या, याचे उत्तर देताना सुधारणेच्या चळवळींबरोबर पाण्याचाही विचार करावा लागतो. भंडारदऱ्याचे धरण १९२६ मध्ये पूर्ण झाले. प्रवरा आणि गोदावरीच्या कालव्यांनी राहुरी, श्रीरामपूर, राहाता, कोपरगाव या पट्ट्यात ऊस आणला, आणि उसाने शेतकऱ्याला गावठाणातून उचलून शेतातल्या वस्तीवर नेले. तेथे शेजारी भाऊबंद; वेस नाही, चावडी नाही, पारही नाही. विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या प्रयत्नांतून प्रवरानगरचा सहकारी साखर कारखाना १९५० मध्ये सुरू झाल्यावर या पट्ट्यात पैसा खेळू लागला; माळवदाच्या जागी स्लॅब आला, बैठकीच्या जागी सोफा आला. पण सहकाराने मराठीला दिलेले सर्वांत मोठे सामान म्हणजे ‘खुर्ची’. खुर्ची मिळणे, खुर्ची जाणे, खुर्चीला चिकटणे ही भाषा आता सत्तेची सर्वसाधारण भाषा झाली आहे. गादी वारसाने मिळे, खुर्ची मतांनी मिळते; निदान तशी अपेक्षा आहे. गादीचे बरेचसे नियम खुर्चीने कसे उचलले, हा स्वतंत्र लेखाचा विषय होईल.

सरतेशेवटी शिंगणापूर. नेवासे तालुक्यातील या गावात घरांना चौकटी असतात, पण दारे-कुलुपे नसतात, अशी ख्याती आहे. चोरी करणाऱ्याला शनिदेव शासन करतो या श्रद्धेने दाराचे काम स्वतःकडे घेतले. २०११ मध्ये युको बँकेने येथे शाखा उघडली तेव्हा तीही कुलूप नसलेली म्हणून गाजली. येथील देवालाही मंदिर नाही. काळी शिळा उघड्या चौथऱ्यावर उभी आहे, वर छप्पर नाही. दार आणि छप्पर या वास्तूच्या दोन मूलभूत गोष्टी ज्या गावाने देवाच्या भरवशावर सोडून दिल्या, त्या गावात अडवणूक नसेल असे कोणालाही वाटेल. परंतु चौथऱ्याला पायऱ्या होत्या. पुरुष त्या चढत आणि स्त्रियांनी खालूनच दर्शन घ्यावे असा रिवाज होता. नोव्हेंबर २०१५ मध्ये एक तरुणी चौथऱ्यावर गेली आणि त्यावरून वादळ उठले. त्यानंतर स्त्रियांच्या संघटनांनी आंदोलन केले. एप्रिल २०१६ च्या आरंभी मुंबई उच्च न्यायालयाने मंदिरप्रवेशाच्या १९५६ च्या कायद्याची अंमलबजावणी ही राज्याची जबाबदारी असल्याचे स्पष्ट केले, आणि ८ एप्रिलला, गुढीपाडव्याच्या दिवशी, देवस्थानच्या विश्वस्तांनी स्त्रियांना चौथरा खुला केला. १९५६ चा तो कायदा मुळात अस्पृश्यांना देवळात प्रवेश मिळावा या लढ्याच्या परंपरेतला. साठ वर्षांनी त्याचा आधार जेथे घेतला गेला तेथे देऊळ नव्हते, गाभारा नव्हता, दार नव्हते. होत्या त्या काही पायऱ्या आणि चारी बाजूंनी उघडा असलेला दगडी ओटा.